धुराच्या मोसमातल्या वेताच्या तलवारी

चार-पाच दिवस झाले, सकाळी खिडकी उघडली की जळका वास घरात शिरतो. पहिल्या दिवशी मी सवयीने गॅसकडे धावले. गॅस बंद होता, शेगडीवर साधं दुधाचं पातेलंही नव्हतं. मग बाहेर पाहिलं, तर समोरचा ब्लॉक कुणी ओल्या फडक्याने अर्धा पुसून टाकावा तसा दिसत होता, आणि खाली क्लेमेंटीच्या बसस्टॉपवरच्या माणसांनी तोंडाला मास्क लावले होते. म्हणजे आला तर. समुद्रापलीकडे सुमात्रात रानं पेटली आणि वारा आमच्या सिंगापूरच्या बाजूला वळला की इथे धूर येतो. इथे सगळे त्याला हेझ म्हणतात. काही वर्षं तो फिरकतही नाही, आणि एखाद्या वर्षी आला की मुक्कामच ठोकतो.

हवेत किती धूर आहे याचा इथे एक सरकारी आकडा असतो, त्याला पीएसआय म्हणतात. मी सांगलीची. आमच्याकडे पीएसआय म्हणजे फौजदार. नवीन आले तेव्हा शेजारीण लिफ्टमध्ये "आज पीएसआय फार वाईट आहे" म्हणायची, आणि मला वाटायचं, हिच्या सासरी कुणी पोलिसात असावं. आता मीही उठल्या उठल्या फोनवर आधी तोच आकडा बघते आणि मग चहाचं आधण ठेवते.

सिंगापूरला ऋतूच नाहीत, ही आमच्या मराठी मंडळींची कायमची तक्रार. बारा महिने तोच घाम, तीच दुपारची सर, तेच हिरवं झाड. मला मात्र इथे एक ऋतू मिळाला आहे, आणि तो नेमका कुणालाच नको असलेला आहे. घसा खवखवतो, डोळे चुरचुरतात, कपडे आत वाळत घालावे लागतात, सगळं खरं. पण हा वास आला की माझ्या कानात वेतावर वेत आपटल्याचा आवाज सुरू होतो, आणि मला बरं वाटतं. धुराने बरं वाटणारी बाई या बेटावर मी एकटीच असेन.

काही वर्षांपूर्वी आलेला धूर याहून पुष्कळ दाट होता. आमची एकुलती एक मुक्ता तेव्हा पंधरा वर्षांची होती, आणि गेलं वर्षभर तलवार शिकत होती. नातेवाइकांना फोनवर मी हे सांगायचे तेव्हा पलीकडे जरा शांतता पसरायची. भरतनाट्यम ठीक, कीबोर्ड ठीक. पण तलवार? आणि तीही थायलंडची? त्या विद्येला क्राबी-क्राबोंग म्हणतात, क्राबी म्हणजे तलवार आणि क्राबोंग म्हणजे लांब दांडा, असं मी समजावायला लागले की सासूबाई म्हणायच्या, "बरं बरं. अभ्यास कसा चाललाय?"

झालं होतं असं की, वर्गातल्या हुई मिन नावाच्या मैत्रिणीबरोबर मुक्ता एका थाई देवळातल्या जत्रेला गेली. तिथे चष्मा लावलेल्या, केस बारीक कापलेल्या एका किडकिडीत बाईंना तिने दोन्ही हातांत तलवारी घेऊन लढताना पाहिलं. घरी आली ती ठरवूनच. "आई, आय वॉन्ट दॅट." बाजारात भोपळा दाखवावा तसं. त्या बाई म्हणजे ख्रू नॉय. ख्रू म्हणजे गुरू. आठवडाभर त्या बुओना व्हिस्टाजवळच्या एका संस्थेत थाई भाषा शिकवत, आणि शनिवारी सकाळी आमच्या ब्लॉकखाली तलवार. खांबांमधली जी मोकळी जागा असते तिला इथे व्हॉइड डेक म्हणतात. तिथे मलय लोकांची लग्नं लागतात, चिनी लोकांच्या मयताला माणसं जमतात, म्हातारे पट मांडून बसतात. तिथल्याच एका कोपऱ्यात आमची पोरं जोडतलवारी फिरवायची. तलवारी अर्थात वेताच्या, मुठीला कापडी पट्टी गुंडाळलेल्या. वेत लागतो मात्र चांगलाच, हे मुक्ताच्या दंडावरून मला पहिल्याच आठवड्यात कळलं.

मी ऑफिसला सुट्टी म्हणून तिथल्या सिमेंटच्या बाकावर भाजी निवडत बसायचे. सुरुवातीला मला वाटलं होतं, हाणामारी असेल. पण निम्मा वेळ तर नमस्कारातच जायचा. आधी गुडघ्यांवर बसून गुरूला वाकून नमस्कार, मग तलवारींना, मग उभं राहून सावकाश पावलं टाकत एकमेकांभोवती एक नाच. फोनवर सनईसारखं वाद्य आणि ढोल लागलेले असायचे. लग्नातली सनई चिडली तर कशी वाजेल, तसं ते वाजायचं. आणि जमिनीवर ठेवलेली तलवार कुणी चुकूनही ओलांडायची नाही. एकदा एका मुलाने ओलांडली. ख्रू फक्त त्याच्याकडे बघत राहिल्या. त्याने परत फिरून तलवारीला हात लावला आणि तो कपाळाला नेला. वहीला पाय लागला की आम्ही लहानपणी जे करायचो, अगदी तेच. त्या दिवसापासून मी परकेपणाने बघायचं सोडून दिलं.

आता या गोष्टीतले चीफसाहेब. माझा नवरा अजित मालवाहू जहाजावर चीफ इंजिनियर आहे. महिनेच्या महिने समुद्रावर, मग दोन-तीन महिने घरी. घरी आला की पहिला आठवडा पाहुणा असतो, दुसऱ्या आठवड्यात माझ्या स्वयंपाकघरातल्या डब्यांची जागा बदलतो, आणि तिसऱ्या आठवड्यात आमचं भांडण होतं. मग कुठे तो घरचा वाटायला लागतो. मुक्ताची मात्र निराळी पंचाईत असायची. बाबा दर वेळी तिच्यासाठी कुठल्या कुठल्या बंदरांतून कपडे आणायचा, आणि ते दर वेळी आखूड व्हायचे. तो निघताना जेवढी असायची तेवढीच ती त्याच्या डोळ्यांत राहायची. ती मोठ्या तोंडाने थँक्यू म्हणायची आणि फ्रॉक कपाटात खाली सारायची. त्या कपाटात तिच्या प्रत्येक वयाचा एकेक न घातलेला फ्रॉक पडून होता.

त्या सप्टेंबरात तो घरी आला आणि मागोमाग धूर आला. हुई मिन मुक्ताची तलवारीतली जोडीदार. तिला दम्याचा त्रास, त्यामुळे डॉक्टरांनी तिला घराबाहेर पडायला बंदी केली. नेमकं त्या वर्षी देवळातल्या जत्रेत ख्रूंच्या विद्यार्थ्यांनी लोकांसमोर लढून दाखवायचं होतं, आणि जोडतलवारीचा मान मुक्ता आणि हुई मिनला मिळाला होता. त्यातून ख्रू नॉय वर्ष संपलं की कायमच्या परत जाणार होत्या, थायलंडला, आयुथयाला, म्हाताऱ्या आईकडे. म्हणजे पुढच्या वर्षी बघू म्हणायची सोय नव्हती. बाकीची पोरं अजून एका तलवारीवरच अडखळत होती. मुक्ता दोन दिवस कुणाशी बोलली नाही. तिचा राग मला चालतो, पण ती गप्प झाली की माझा जीव कासावीस होतो.

जेवताना मीच म्हणाले, "अजित, तू का नाही शिकत? नुसता घरभर हिंडतोस आणि माझ्या बरण्या हलवतोस."

"मी? या वयात तलवार?" त्याने मुक्ताकडे बघितलं. ती ताटात बघत होती. मग म्हणाला, "काय गं, चालेल का म्हातारा?"

"अप टू यू, ला," ती म्हणाली, इथल्या पोरांच्या, शेवटी 'ला' नाहीतर 'वन' जोडायच्या इंग्रजीत. नकार असता तर ती उठूनच गेली असती, हे मला माहीत होतं.

ख्रू नॉयनी त्याला एकदा वरपासून खालपर्यंत पाहिलं, त्याची मनगटं दाबून बघितली आणि होकार दिला. नमस्काराच्या नाचाला त्याने पहिल्याच दिवशी नाक मुरडलं. "लढाईआधी एवढा नाच केला, तर समोरचा जेवून परत येईल." ख्रू इंग्रजी तोलून तोलून बोलत. त्या म्हणाल्या, "या वेळात आपण रागावलेलो आहोत का, ते कळतं. रागावलेलो असू, तर लढायचं नाही." चीफसाहेब गप्प. त्याला गप्प करायला मी सोळा वर्षं झटत होते, आणि तरी मला तेवढं जमलेलं नव्हतं.

धूर वाढला तशी शिकवणी आमच्या घरी वर आली. सोफा भिंतीला लागला, टीपॉय बेडरूममध्ये गेलं, पंख्याचं एक पातं दुसऱ्याच दिवशी वाकलं. खिडक्या बंद, एसी सुरू, आणि दिवाणखान्यात टकाटक टकाटक. खालच्या मजल्यावरची चिनी आंटी वर आली. "आय्या, व्हॉट इज धिस टॉक टॉक टॉक?" मी माफी मागायला पुढे झाले, पण ती माझ्या खांद्यावरून आत बघत होती. चाळिशी ओलांडलेला माणूस लेंग्यावर उभा राहून पोरीसमोर दोन काठ्या घेऊन घाम गाळतोय, हे दृश्य तिला फारच आवडलं असावं. दुसऱ्या दिवसापासून ती वेळेवर हजर राहू लागली, हातात सोललेल्या मोसंब्यांचा डबा घेऊन.

पवित्रे अजितने भराभर उचलले. यंत्रांत जन्म गेलेला माणूस, कुठला भाग कुठल्या भागाला हलवतो हे त्याला पटकन दिसतं. पाऊल कुठे, कंबर कुठे, दुसरा हात मागून कधी यायचा, सगळं बरोबर. तरी काहीतरी चुकत होतं, आणि मला ते ऐकू येत होतं. ख्रू आणि मुक्ताचा वेत एकमेकांवर आपटला की कोरडा, स्वच्छ आवाज यायचा. अजितचा वार आला की नुसतं टुक् व्हायचं. बंद दारावर कुणी संकोचून टिचकी मारावी तसं.

आणि मग एका दुपारी ते झालं. डोक्यावरचा वार होता. अजितने हात उचलला, मुक्ताच्या दोन्ही तलवारी अडवायला वर गेल्या, आणि ऐन वेळी त्याने वार रोखला. तिच्या तलवारी मोकळ्या हवेतून पुढे निघून गेल्या आणि त्याचा रेंगाळलेला वेत सावकाश खाली येऊन नेमका तिच्या बोटांवर बसला. ती ओरडली. त्याने हातातल्या दोन्ही तलवारी टाकून दिल्या, जमिनीवर फेकल्याच म्हणा ना, आणि तिचा हात धरायला धावला. धावताना त्याने त्या ओलांडल्या.

मी बर्फ आणायला आत पळाले. परत आले तेव्हा मुक्ता रडत नव्हती, संतापली होती. "बाबा, तू हिटच करत नाहीस! यू हिट नेक्स्ट टू मी!"

"तुला लागेल म्हणून..."

"लागलंच ना?"

ख्रू नॉयनी आधी खाली पडलेल्या तलवारी उचलून नीट ठेवल्या. मग त्या अजितशी बोलल्या, शांतपणे, माझ्यासमोर आणि आंटीसमोरही. "तुमचा खांदा उचलला गेला की तिला कळतं, तुम्ही कुठे येणार. तुम्ही तिला वचन देता. ती त्या जागी जाते. मग तुम्हाला तिची दया येते आणि तुम्ही तिथे येत नाही. उशिरा येता. तेव्हा तिथे तिचं उघडं बोट असतं."

बोटावर बर्फ धरून मुक्ता भिंतीकडे बघत म्हणाली, "बाबा ऑल्वेज लाइक दॅट वन."

ती काही विचार करून बोलली नव्हती, याची मला खात्री आहे. पण आंटीसुद्धा मोसंबं हातात धरून बसली. अजित उठला आणि बाल्कनीचं दार उघडून त्या धुरात जाऊन उभा राहिला.

मला तेव्हा दोघांचंही सारखंच वाईट वाटलं, आणि आजही वाटतं. समुद्रावरचा माणूस मुद्दाम चुकत नसतो. वाढदिवसाला येतो म्हणतो आणि जहाज बंदराबाहेर नांगर टाकून अडकून पडतं. शाळेच्या गॅदरिंगला येतो म्हणतो आणि त्याच्या जागी येणाऱ्या माणसाचं विमान रद्द होतं. आम्ही मोठी माणसं हे समजून घ्यायला शिकतो. पण लहान मूल दाराकडे बघत बसतं, आणि दाराकडे बघून बघून एक दिवस ते बघायचं सोडून देतं. मुक्ताने ते कधी सोडलं ते मला माहीत आहे. अजितला माहीत नव्हतं, आणि त्याला कोणत्या तोंडाने सांगणार?

पुढे काही दिवस सराव झाला, पण तसाच. तो जपून मारायचा, ती चिडायची. तेवढ्यात खंडेनवमी आली.

खंडेनवमीला आमच्या घरी हत्यारांची पूजा होते. हत्यारं म्हणजे काय, अजितचा मोठा पाना, माझा ऑफिसचा लॅपटॉप, मुक्ताची कंपासपेटी. त्या वर्षी मी मोठ्या हौसेने वेताच्या चारही तलवारी चौरंगावर मांडल्या, हळदकुंकू लावलं, लिटल इंडियातून आणलेल्या झेंडूच्या माळा घातल्या. रीत अशी की त्या दिवशी हत्याराला विश्रांती. दसऱ्याला पूजा उतरवायची, मगच हात लावायचा. मी उदबत्ती लावतेय तोवर अजितचा फोन वाजला. एका जहाजावरचा चीफ आजारी पडला होता, जहाज सिंगापूरला येतच होतं, आणि अजितने उद्या संध्याकाळी त्याच्यावर चढायचं होतं.

देवळातला कार्यक्रम रविवारी होता.

मुक्ता काही बोलणारच नव्हती, तिला सवय होती. अजित तिच्याकडे न बघता म्हणाला, "आज दिवसभर आहे ना मी. चल, आजच करू." आणि तो चौरंगाकडे वळला.

"हात लावायचा नाही," मी म्हणाले.

"आई, आर यू सिरीयस?" आता मात्र तिला कंठ फुटला. "एकच दिवस उरलाय आणि तू त्यांना झोपवून ठेवलंस?"

खरं सांगते, मलाही क्षणभर वाटलं, उचलू द्यावं. देव काही रागावणार नाही. पण अजितचाच हात थबकला. जहाजावर खंडेनवमीला इंजिन काही थांबत नाही, पण आमचे हे मराठी इंजिनियर आपापल्या पान्याला कुंकू लावून बाजूला ठेवतात, आणि काही आवळायची वेळ आलीच तर फिलिपिनो फिटरला हाक मारतात, त्याचा पाना घेऊन ये म्हणून. एवढी वर्षं भर समुद्रात पाळलेलं त्याला स्वतःच्या घरात मोडवेना. बापलेक चौरंगापाशी उभे, मी उदबत्ती हातात धरून, आणि दारावरची बेल वाजली.

सरावासाठी आलेल्या ख्रू नॉय होत्या. त्यांनी झेंडूखालच्या तलवारी पाहिल्या आणि मी पूजेचं आणि जहाजाचं काय ते अडखळत सांगायला लागले. मी अर्ध्यावर असतानाच त्या चपला काढून आत आल्या, गुडघ्यांवर बसल्या आणि चौरंगापुढे डोकं टेकलं. उठल्यावर म्हणाल्या, "बरोबर आहे. आज त्यांना निजू दे. आज हातांनी करू."

आणि त्या दुपारी, खिडक्यांबाहेर पिवळट धूर दाटलेला असताना, दोघांनी रिकाम्या हातांनी सगळं केलं. तेच पवित्रे, तेच वार, फक्त वेताच्या जागी तळवा. डोक्यावरचा वार आला आणि अजितचा हात पुन्हा अडखळला. ख्रू म्हणाल्या, "हातात काहीच नाही. आता कशाला भिता?" त्याने परत हात उचलला. मी त्याच्या खांद्याकडे बघत होते. या वेळी तळवा सरळ खाली आला, पुरा, आणि मुक्ताने तो मनगटांवर झेलला. फाट्कन आवाज झाला. दोघांचेही हात लाल झाले. मुक्ता त्याच्याकडे बघत राहिली. ती उंचीने त्याच्या खांद्याला लागली होती आणि त्याला मान जराशीच खाली करावी लागत होती, हे त्याने बहुधा तेव्हाच पाहिलं. ते तसेच करत राहिले. चहा गार झाला तरी मी त्यांना हाक मारली नाही.

जाताना ख्रूंनी मुक्ताला सांगितलं, "नमस्कार लोकांना करायचा नसतो, गुरूला करायचा असतो. गुरू इथेच आहे. उद्या दुपारी, खाली."

दसऱ्याला मी सकाळीच खाली जाऊन रस्त्याकडेच्या कांचनाची पानं वेचली. आपट्याची पानं इथे कुठली, पण हीही तशीच जोडपानं. झाडाची तोडायची भीती वाटते, दंड होईल म्हणून मी गळलेलीच घेतली. पूजा उतरवली, तलवारी खाली नेल्या. अजितची बॅग खांबाला टेकून उभी होती, एजंटची गाडी येणार होती. धूर इतका की व्हॉइड डेकचं दुसरं टोक दिसत नव्हतं. सगळ्यांनीच मास्क लावले होते, आंटीनेसुद्धा. बघायला आम्ही दोघीच. आणि समोर खुर्चीवर ख्रू नॉय, पांढऱ्या पोशाखात, मांडीवर पिवळ्या कापडात गुंडाळलेली त्यांची खरी तलवार.

फोनवर चिडकी सनई सुरू झाली. दोघं गुडघ्यांवर बसले, वाकले. अजितने या वेळी नाचाला नाक मुरडलं नाही. पाऊल उचलून, थांबून, एकमेकांकडे बघत ते फिरले. मास्कमुळे मला फक्त डोळे दिसत होते, आणि बापलेकीचे डोळे इतके सारखे आहेत हे मला एवढ्या वर्षांत कधी दिसलं नव्हतं. मग वार सुरू झाले. डावा, उजवा, खालचा. आवाज चांगला येत होता. डोक्यावरचा वार येणार हे मला पाठ होतं. अजितचा खांदा उचलला गेला आणि मी डोळे मिटून घेतले.

टक्क.

तो आवाज खांबाखांबांवर आपटत गेला. मी डोळे उघडले तर वर चार वेत एकमेकांवर रुतून थांबले होते आणि त्यांच्याखाली मुक्ता भक्कम उभी होती. ख्रू नॉयनी खुर्चीतूनच मान खाली घातली. तेवढ्यात गाडीचा हॉर्न वाजला. अजितने तलवारी खाली घ्यायला सुरुवात केली.

"अगेन," मुक्ता म्हणाली.

"अगं, गाडी..."

"परत, बाबा. पहिल्यापासून."

मी गाडीवाल्याकडे गेले, त्याच्या हातात कांचनाची पानं ठेवली आणि सोनं म्हणजे काय ते त्याला सविस्तर समजावत बसले. माझं इंग्रजी तेव्हा कधी नव्हे इतकं हळू चाललं होतं. मागून टक्क, टक्क येत राहिलं, आणि मी रडत होते, पण धुरात सगळ्यांचेच डोळे लाल असतात.

रविवारचा कार्यक्रम शेवटी धुरामुळे रद्द झाला. मुक्ताला त्याचं काही वाटलं नाही. ख्रू नॉय डिसेंबरात गेल्या. जाताना वेताच्या चारही तलवारी आमच्याच घरी राहू दिल्या, दाराआडच्या कोपऱ्यात. मुक्ता आता इथल्याच युनिव्हर्सिटीत आहे, हॉस्टेलवर राहते, रविवारी जेवायला येते. अजित अजूनही जहाजावर जातो, आणि येतो म्हणतो तेव्हा अजूनही कधी कधी येऊ शकत नाही. फरक एवढाच की, आता तो कपडे आणायच्या आधी तिला फोन करून माप विचारतो.

सध्या तो घरी आहे. उजवा खांदा आखडलाय, फ्रोझन शोल्डर म्हणतात, आणि डॉक्टरांनी व्यायाम सांगितलाय. या रविवारी मुक्ता आली, खिडक्या बंद बघून म्हणाली, "हेझ परत आला, ला," आणि सरळ सोफा भिंतीकडे ढकलू लागली. मी आत पोळ्या लाटत होते. खालच्या आंटीचे गुडघे आता चढू देत नाहीत, तरी मी दार उघडं ठेवलं होतं. नमस्कार झाले, पावलं झाली, आणि आवाज सुरू झाला. डावा, उजवा, खालचा. मी लाटण्याच्या तालावर मनातल्या मनात पुढचा वार म्हणत होते.

डोक्यावरच्या वाराला नुसतं टुक् झालं.

माझं लाटणं थांबलं. तो आवाज मी ओळखत होते. बाबाचा आखडलेला खांदा बघून पोरीने ऐन वेळी हात राखला होता. दाराशी येऊन पाहिलं, तर अजित दोन्ही तलवारी कशाबशा डोक्यावर धरून उभा होता. वेदनेने त्याचा चेहरा वाकडा झाला होता, पण तो हसत होता.

"मुक्ता," तो म्हणाला, "मी इथे आहे. इथे मार."

तिने माझ्याकडे बघितलं. मग तिने खांदा उचलला.